हरण्या आणि गुलब्याबद्दल

चि. सुहास यास अनेक आशीर्वाद.

तू पाठवलेली फिल्म परवा मोबाईलवर पाहिली, काल पुन्हा टीव्हीला जोडून. हंगेरीच्या हुसारिक झोल्तान या दिग्दर्शकाची 'एलेगिया', 1965 ची. (त्यांच्यात आडनाव आधी म्हणे, शाळेच्या हजेरीसारखं.) जेमतेम वीस मिनिटांची, निवेदन नाही की संवाद नाही, त्यामुळे माझं भाषेवाचून काही अडलं नाही. आधी माळावरचे मोकळे घोडे, मग ओझ्याला जुंपलेले, शेवटी कत्तलखाना. तिथे तुझी आई उठून आत गेली. मी बसून राहिलो.

1961 पर्यंत तिथली बहुतेक शेतं सामुदायिक झाली, ट्रॅक्टर आले आणि घोड्यांचं काम संपलं, असं तू लिहिलंस. हा हुसारिक दोमोन्य नावाच्या खेड्यात जन्मलेला, हे वाचून नवल वाटलं नाही. शहरातल्याने सूर्यास्तच दाखवले असते. याने जनावर इतक्या जवळून दाखवलंय की अंगाचा वास यावा.

आता एक सांगायचं राहिलंय. 2008 साली, तू तिसरीत होतास, तेव्हा आपले बैल, हरण्या आणि गुलब्या, मामाकडे गेले नव्हते. तासावर ट्रॅक्टर मिळायला लागला होता, कडबा परवडेना. रविवारी सांगोल्याच्या बाजारात नेले. व्यापाऱ्याने रुमालाखाली माझी बोटं दाबली, दोनदा मी मान हलवली, तिसऱ्यांदा हो म्हणालो. कुठं नेणार, ते विचारलं नाही. हरण्या बारा वर्षांचा झालेला. त्याला औताला कोण जुंपणार? दावं मात्र मी सोडून परत आणलं. ते अजून गोठ्यात खुंटीला आहे.

त्या वर्षी खांदेमळणीच्या संध्याकाळी तू हळद-तुपाची वाटी घेऊन मामाकडे निघालास. आईने मातीचे बैल आणून वेळ मारून नेली. तू त्यांचेच खांदे मळलेस. हळदीने माती विरघळली.

तुझ्या डेब्रेत्सेनहून होर्तोबाजचा माळ जवळ आहे ना? तिथे लांब शिंगांची करडी जनावरं असतात, फोटोत आपल्या खिलारासारखी दिसली. गेलास तर एखाद्या बैलाचा खांदा नीट दिसेल असा फोटो काढ. जुवाचा घट्टा आहे का, बघायचंय.

थंडीत कानटोपी घालत जा.

तुझा,
बाबा