बर्गमनचं बेट

स्टॉकहोम

प्रिय बाळू,
अनेक आशीर्वाद.

स्पर्धेसाठी लिहिलेली तुझी एकांकिका वाचली. संवाद छान उतरलेत. पण ही माणसं देवबागची आहेत हे मला नेपथ्याच्या सूचनेवरून कळलं, त्यांच्या बोलण्यावागण्यातून नाही. त्याबद्दल लिहायचंच होतं, तेवढ्यात फोरोला जाणं झालं.

फोरो हे बाल्टिक समुद्रातलं, स्वीडनच्या गॉटलंड बेटाच्या उत्तर टोकापलीकडचं छोटं बेट. फेरीबोटीतून थोड्याच मिनिटांत पलीकडे, तिकीटही नाही. वस्ती जेमतेम पाचशेची. वाऱ्याने एका अंगाला कललेली पाइनची झाडं, मेंढरं, दगडी कुंपणं. लांगहामर्सच्या किनाऱ्यावर तर चुनखडीचे उंच सुळके उभे आहेत, चाळीस कोटी वर्षांपूर्वीच्या प्रवाळांचे. भोवतालचा मऊ दगड समुद्राने खाल्ला, हे तेवढे राहिले. तिथून माझा पाय निघेना.

स्वीडिश चित्रपट-दिग्दर्शक इंगमार बर्गमन इथे १९६० साली आला, तोही मनाविरुद्ध. त्याला चित्रपटासाठी स्कॉटलंडजवळची ऑर्कनी बेटं हवी होती. निर्मात्यांना तो खर्च नको होता, म्हणून त्यांनी फोरो सुचवलं. आला आणि इथलाच झाला. बेटावरच हामर्सला घर बांधलं, तिथे बसून पटकथा लिहिल्या, २००७ मध्ये त्याच घरात वारला. बेटावरच्या चर्चच्या आवारात त्याला पुरलंय.

सुळके आणि उजाड किनारे त्याच्या चित्रपटांत सगळ्यांनाच दिसतात. मला त्याहून मोलाचं वाटतं ते वेगळंच. १९६९ मध्ये त्याने बेटावरच्या लोकांवर माहितीपट केला. जगभर नाव झालेला हा माणूस शेतकऱ्यांसमोर बसतो, त्यांच्या अडचणी विचारतो आणि निमूट ऐकतो. शाळेच्या बसमधल्या मुलांना विचारतो, इथेच राहणार की बेट सोडणार? दहा वर्षांनी दुसरा माहितीपट केला तेव्हा त्या मुलांना पुन्हा गाठलं. त्यात मेंढ्यांची लोकर कातरणं आहे, छप्पर शाकारणं आहे, सगळं जराही घाई न करता. शाकारणी बघताना मला आपले आजोबा आठवले.

बेटकऱ्यांनीही त्याला सांभाळलं. कुणी पाहुण्याने त्याच्या घराची वाट विचारली तर ते सांगत नसत. माणसं अशी उगाच आपलं म्हणत नाहीत रे.

तुझ्या पाठीमागे कर्ली नदी, समोर समुद्र, मधे एवढीशी वाळूची पट्टी. दर पावसाळ्यात तीही आत सरकते. तुझ्या नाटकात हे कुणाच्या तोंडी कसं नाही? किनाऱ्यावरून रापणीचं मोठं जाळं ओढणाऱ्यांकडे जाऊन बस. वाटणी कशी करतात, यांत्रिक बोटींतून मासे धरणाऱ्या पर्ससीनवाल्यांबद्दल काय बोलतात, कुणाचा मुलगा मुंबईला गेला आणि कुणाचा परतला, ते विचार. वही पहिल्या दिवशी नको नेऊस. आणि त्यांची मालवणी पुसून प्रमाण भाषा करू नकोस. परीक्षकांना चार शब्द कळले नाहीत तरी चालेल.

नवा खर्डा झाला की लगेच पाठव. आईबाबांना नमस्कार सांग.

तुझी,
ताई