ब्रेड मशीनमध्ये बेदाणे केव्हा घालावेत?

मा. संपादक,
सप्रेम नमस्कार.

आपल्या शनिवारच्या पुरवणीत ब्रेड मशीनमध्ये, म्हणजे पीठ मळण्यापासून पाव भाजण्यापर्यंत सगळे आपोआप करणाऱ्या घरगुती यंत्रात, बेदाणे-अक्रोड घालून करायच्या गोड पावाची कृती प्रसिद्ध झाली होती. ती वाचून माझ्या ओळखीतल्या तीन घरांत त्याच आठवड्यात हा पाव केला गेला आणि तिन्ही घरांत बिघडला. एकीचा पाव फुगून मधोमध खचला, दुसरीचा चार तासांनंतरही विटेसारखा राहिला, आणि तिसरीचा पाव वर आला खरा, पण कापल्यावर त्यात बेदाणा म्हणून सापडेना. सगळा पाव करड्या रंगाचा आणि आतून गिच्च झाला होता. तिघींनीही दोष स्वतःकडे घेतला, एकीने तर यंत्र पुन्हा खोक्यात घालून माळ्यावर टाकले. मी रसायनशास्त्राची निवृत्त शिक्षिका असून तासगावच्या बेदाण्याच्या टापूत राहते आणि मुलाने सहा वर्षांपूर्वी आणून दिलेल्या ब्रेड मशीनमध्ये आठवड्याला एक तरी पाव करते. त्या अनुभवावरून सांगते, की चूक या तिघींची नव्हती. ‘तीन कप मैदा, एक कप दूध, अर्धा कप साखर, यीस्ट आणि एक कप सुका मेवा एकत्र घालून बटण दाबावे’ अशा आशयाची ती कृती होती, आणि तिन्ही पाव का बिघडले याचे उत्तर त्या एका वाक्यातच आहे.

पहिली अडचण कपाची. चमच्याने अलगद भरून वरून सपाट केलेला मैद्याचा कप साधारण १२० ग्रॅम भरतो; तोच कप डब्यात खुपसून दाबून भरला, तर १५० ग्रॅमपर्यंत जातो. तीन कपांमागे हा फरक ९० ग्रॅमांचा होतो, आणि दुधाचा कप मात्र दोन्ही घरांत २४० मिलिलिटरचाच राहतो. म्हणजे एका घरी शंभर भाग मैद्याला ६७ भाग दूध पडले आणि दुसऱ्या घरी ५३. पहिले पीठ इतके सैल, की फुगल्यावर त्याला स्वतःचा भार पेलवत नाही. दुसरे इतके घट्ट, की यीस्टने कितीही जोर लावला तरी ते ताणले जात नाही. पोळ्यांची कणीक आपण कधी मोजून भिजवत नाही हे खरे, पण तिथे पाणी हळूहळू घालतो आणि बोटांना कळले की थांबतो. यंत्राला ही बोटे नाहीत.

याविषयी थोडा इतिहास सांगण्याजोगा आहे. जपानच्या मात्सुशिता कंपनीने १९८७ साली घरगुती ब्रेड मशीन बाजारात आणले, त्याआधीच्या नमुन्यांत पावाची साल करपत असे आणि आतला भाग कच्चा राहत असे. तेव्हा कंपनीतील सॉफ्टवेअर विकसक इकुको तानाका यांनी ओसाका इंटरनॅशनल हॉटेलच्या मुख्य पाव कारागिराकडे उमेदवारी केली आणि त्यांच्या लक्षात आले, की तो पीठ नुसते मळत नाही, तर पीळ देत ताणतो. तो पीळ यंत्रात आणण्यासाठी भांड्याच्या आतल्या अंगाला उभ्या कडा बसवल्या गेल्या. मळणाऱ्या हाताची नक्कल यंत्राने अशी शिकून घेतली. पिठाकडे बघून पाणी थांबवण्याचे काम मात्र त्याने आपल्यावरच सोडले. म्हणून मळणी सुरू झाल्यावर पाच-सात मिनिटांनी झाकण उघडून आत बघावे, गोळा मऊ असून भांड्याच्या कडा सोडत असेल तर ठीक, नाहीतर चमचाभर दूध किंवा चमचाभर मैदा घालून तो सुधारावा. झाकण उघडू नये ही सूचना शेवटच्या फुगण्याला आणि भाजण्याला लागू आहे, मळणीला नव्हे, हे पुष्कळांना ठाऊक नसते.

मैद्याबद्दलही दोन शब्द. यंत्रासोबत येणाऱ्या पुस्तिकेत ज्या पिठाचे प्रमाण असते, त्या पाश्चात्त्य पावाच्या पिठात प्रथिने शंभरात बारा-तेरा भाग असतात. आपल्याकडचा मैदा बहुधा नऊ ते अकरा भागांचा. प्रथिने कमी असली की पीठ पाणीही कमी धरते, त्यामुळे पुस्तिकेतले दूध जसेच्या तसे ओतले तर पाव खचणारच. पाकिटावरचा पोषणतक्ता वाचून त्यातल्या त्यात अधिक प्रथिनांचा मैदा घ्यावा. कणीक घालायची असेल तर चौथा हिस्सा पुरे. जात्यावरची कणीक पाणी जास्त पिते आणि तिच्यातला कोंडा पिठाची जाळी तोडतो.

आता बेदाण्याकडे वळते, कारण सर्वांत मोठा घोटाळा तिथेच आहे. सुका मेवा सुरुवातीपासून भांड्यात घातला, तर मळणीचे पाते वीस-पंचवीस मिनिटे त्याला चेचत राहते. बेदाण्यांची साल फुटते, आतली साखर पिठात उतरते, पीठ सैल आणि चिकट होते, आणि अक्रोडाच्या सालीतले टॅनिन हे तुरट द्रव्य पिठाला जांभळट करडा रंग देते. तिसऱ्या घरी झाले ते हेच. म्हणूनच बहुतेक यंत्रांत गोड पावाच्या आवर्तनात (मळण्यापासून भाजण्यापर्यंतच्या ठरवून दिलेल्या क्रमात) मळणी संपायच्या पाच-दहा मिनिटे आधी शिट्टी वाजते, काही यंत्रांत तर झाकणाखालचा छोटा कप्पा त्या वेळी आपोआप उघडतो. ती शिट्टी सुक्या मेव्यासाठी असते. माझ्या एका मैत्रिणीने वर्षभर ती यंत्राची तक्रार समजून दुर्लक्षिली होती! आपल्या यंत्रात शिट्टी नसेल, तर मळणी केव्हा संपते हे एकदा घड्याळ लावून बघून ठेवावे आणि मेवा शेवटच्या पाच-सहा मिनिटांत हाताने सोडावा.

बेदाणे कोरडेच घातले, तर ते फुगताना पिठातले पाणी ओढून घेतात आणि त्यांच्याभोवतीचा पाव कोरडा पडतो; शिवाय पावाच्या वरच्या सालीजवळ आलेले बेदाणे करपून कडू लागतात. ते धुऊन घेण्याला आणखीही एक कारण आहे. आमच्या भागात द्राक्षांचे घड आधी पोटॅशियम कार्बोनेट आणि इथाइल ओलिएटच्या द्रावणात बुडवतात, शेतकरी त्यालाच डिपिंग ऑइल म्हणतात. त्याने सालीवरचा मेणचट थर विरळ होतो आणि शेडमधल्या जाळ्यांवर द्राक्षे पंधरवड्यात वाळतात. पुढे रंग राखण्यासाठी गंधकाची धुरीही दिली जाते. यात घाबरण्यासारखे काही नाही, सांगलीच्या बेदाण्याला भौगोलिक मानांकन मिळाले आहे आणि मी स्वतः तो मुठीने खाते. पण गंधकाचा अंश यीस्टला मानवत नाही, म्हणून बेदाणे कोमट पाण्यात दहा मिनिटे ठेवून, ते पाणी फेकून, फडक्यावर चांगले टिपून घ्यावेत. ओले निथळते बेदाणे घातले तर शेवटच्या क्षणी पिठात पाणी वाढते आणि सगळे मोजमाप वाया जाते. खजूर आणि सुके अंजीर बेदाण्याएवढे चिरून त्यांना मैद्याचा हात लावला, तर त्यांचा एकच लगदा होत नाही. काजू, बदाम, अक्रोड मंद आचेवर थोडे भाजून, गार करून, जाडसर तुकडे करून घालावेत. सगळा मेवा मिळून ४०० ग्रॅम पिठाला १२० ग्रॅमांपेक्षा अधिक नको. हात सैल सोडला की पाव फुगायचा थांबतो.

साखरेचेही तसेच. अर्धा कप म्हणजे सुमारे १०० ग्रॅम साखर, म्हणजे पिठाच्या जवळजवळ चौथा हिस्सा. साखर पाणी आपल्याकडे ओढते, यीस्टच्या पेशींना ते पुरत नाही आणि त्या मंदावतात. इटली-जर्मनीतले नाताळचे गोड पाव लोणी, साखर आणि फळांनी इतके जड असतात, की त्यांचे पीठ टप्प्याटप्प्याने आणि तासन्‌तास फुगवावे लागते. चार तासांच्या ठरीव आवर्तनाकडून ती अपेक्षा करू नये. चिमूटभराऐवजी दोन चमचे दालचिनी घालण्याचा मोहही टाळावा, तीसुद्धा यीस्टला रोखते. वेलदोडा आणि जायफळ आपल्या जिभेला अधिक ओळखीचेही आहेत. साखरेऐवजी कोल्हापुरी गूळ घालायचा असेल तर तो पाण्यात विरघळवून गाळून घ्यावा, कारण गरम दुधात गूळ घातला की दूध फाटते हे आपल्या घरात लहान मुलालाही माहीत असते. ताजा अननस किंवा पिकलेली पपई पिठात मुळीच नको. त्यांतली विकरे (एन्झाइम) प्रथिने तोडतात आणि पिठाची खळ होते. टुटीफ्रुटी कच्च्या पपईचीच असते, पण ती पाकात शिजलेली असल्याने हा धोका तिच्यात उरत नाही.

माझ्या घरी बारा महिने जमणारे प्रमाण आपल्या वाचकांसाठी देते. ३०० ग्रॅम मैदा, १०० ग्रॅम कणीक, २५० मिलिलिटर दूध, ४५ ग्रॅम साखर, ३० ग्रॅम लोणी, ६ ग्रॅम मीठ आणि ५ ग्रॅम इन्स्टंट यीस्ट. मेव्यात ७० ग्रॅम बेदाणे, ३० ग्रॅम अक्रोड आणि २० ग्रॅम काजू. दूध आणि लोणी तळाशी, त्यावर पीठ, कोपऱ्यांत मीठ आणि साखर, आणि पिठाच्या माथ्यावर खळगा करून त्यात कोरडे यीस्ट, असा क्रम ठेवावा. काही यंत्रांत यीस्ट सर्वांत आधी घालायला सांगतात, तिथे पुस्तिकेचे ऐकावे. आवर्तन गोड पावाचे आणि साल फिकट निवडावी, कारण दूध-साखरेचा पाव लवकर काळपटतो. शिजला की लगेच भांड्यातून काढून जाळीवर ठेवावा, नाहीतर त्याच्याच वाफेने कडा ओल्या होऊन आत दबतात. तासभर सुरी लावू नये. नातवंडांपुढे हा नियम टिकत नाही, हे कबूल करते.

आपल्या हवेचा विचार परदेशी पुस्तिका करत नाहीत. मे महिन्यात आमच्या स्वयंपाकघरात पारा ३८ अंशांवर असतो, तेव्हा मी दूध थेट फ्रिजमधून काढून घालते आणि यीस्ट ४ ग्रॅमच घेते. थंडीत दूध कोमट करते. रात्री सामान भरून पहाटेची वेळ लावून ठेवण्याची सोय दुधाच्या पावासाठी वापरू नये, दूध नासते. त्या दिवशी पाणी आणि दुधाची भुकटी घ्यावी. आणि वीज गेली तर बरीच यंत्रे सगळे विसरून पुन्हा पहिल्यापासून सुरू होतात, म्हणून आमच्याकडे वीज जाण्याचा वार बघूनच पाव ठरतो. मळणी झाल्यावर वीज गेली, तर पीठ काढून कुकरच्या डब्यात फुगवावे आणि गॅसवर जाड बुडाच्या कढईत भाजावे. रंग येत नाही, पण पाव वाया जात नाही.

एवढा खटाटोप कशाला, बेकरीचा फ्रूट बन काय वाईट, असे माझे यजमानही विचारतात. बेकरीवाल्यांशी माझे वैर नाही. पण २०१६ मध्ये दिल्लीच्या सेंटर फॉर सायन्स अँड एन्व्हायर्नमेंटने पावांच्या नमुन्यांत पोटॅशियम ब्रोमेट आणि आयोडेट ही आरोग्याला घातक ठरू शकणारी रसायने सापडल्याचे जाहीर केले आणि त्याच वर्षी केंद्राच्या अन्न सुरक्षा प्राधिकरणाने ब्रोमेटची परवानगी काढून घेतली. ते पदार्थ पिठात कशासाठी घालतात हे मी वर्गात शिकवू शकले असते, म्हणूनच असेल, घरच्या पावाची ओढ मला तेव्हापासून लागली. माझी आजी पावाला हात लावत नसे. विहिरीत पाव टाकून गावे बाटवल्याच्या कोकणातल्या गोष्टी तिने ऐकल्या होत्या. तिच्याच ओट्यावर आज हे यंत्र आहे.

आपणास विनंती एवढीच, की यंत्रावरच्या कृती छापताना पीठ, दूध आणि साखर यांची मापे ग्रॅम आणि मिलिलिटरमध्ये द्यावीत, कृती किती वजनाच्या पावाच्या यंत्रासाठी आहे ते लिहावे आणि कोणता जिन्नस केव्हा घालायचा हे मिनिटांसह सांगावे. स्वयंपाकघरातला छोटा वजनकाटा आता अनेक घरांत असतो. ज्या पुरवणीवर विसंबून तीन घरांत पाव केला गेला, तिने त्याच कृतीचे वजनातले प्रमाण येत्या एखाद्या शनिवारी छापले, तर माळ्यावर गेलेले ते यंत्र खाली काढायला मी स्वतः जाईन.

आपली,
एक वाचक, तासगाव (जि. सांगली)

ता. क. : उरलेला पाव फ्रिजमध्ये ठेवू नये. तिथल्या गारव्यात पिठातला स्टार्च लवकर घट्ट होतो आणि पाव बाहेर ठेवल्यापेक्षा आधी शिळा लागतो. दोन दिवसांत संपणारा पाव कापडात गुंडाळून डब्यात ठेवावा. पावसाळ्यात बुरशीचे भय असेल तर काप करून फ्रीझरमध्ये ठेवावेत आणि लागतील तसे तव्यावर गरम करावेत.