डिस्क नसलेल्या गेमवर ग्राहकाचा हक्क कोणता?

माननीय संपादक महोदय,
स. न. वि. वि.

प्लेस्टेशन किंवा एक्सबॉक्ससारख्या, टीव्हीला जोडून खेळायच्या कन्सोलवरच्या नव्या मोठ्या व्हिडिओ गेमसाठी आपल्याकडे आज चार-पाच हजार रुपये मोजावे लागतात. घरखर्चातून किंवा पहिल्यावहिल्या पगारातून ही रक्कम बाजूला काढणाऱ्या ग्राहकाला त्या बदल्यात नेमके काय मिळते, हे त्याने गेम डिस्कवर घेतला की डाउनलोड करून घेतला यावर ठरते. नवा असताना दोन्हींची किंमत बहुधा सारखीच असते; हक्क मात्र सारखे नसतात. ग्राहक संरक्षणाच्या चर्चेत या विषयाला जागा मिळायला हवी, परंतु तो पोरांचा खेळ समजून बाजूला सारला जातो, म्हणून हे पत्र लिहीत आहे.

डिस्क विकत घेतली की ती आपली वस्तू होते. ती मित्राला महिनाभर देता येते, धाकट्या भावंडाकडे सोपवता येते, आणि खेळून झाल्यावर दुकानात परत देऊन, वर थोडे पैसे घालून, दुसरा गेम घेता येतो. मुंबईच्या लॅमिंग्टन रोडपासून जिल्ह्याच्या गावातल्या लहान दुकानांपर्यंत हा एक्स्चेंजचा व्यवहार वर्षानुवर्षे चालत आला आहे, आणि बेताच्या परिस्थितीतल्या मुलांना कन्सोलवरचे गेम परवडले ते बऱ्याच अंशी त्याच्याच आधाराने. डाउनलोड केलेल्या गेमच्या बाबतीत हे काहीच शक्य नसते. तिथे पैसे देऊन मिळतो तो वापराचा परवाना. तो कंपनीकडच्या खात्याशी बांधलेला असतो, तो विकता येत नाही, आणि नियमभंगाच्या कारणावरून खाते कायमचे बंद झाले तर त्यावर घेतलेले सगळे गेम एकदम हातचे जाऊ शकतात. वडिलांनी जमवलेल्या डिस्क मुलाला सहज वापरता येतात. प्रमुख कंपन्यांच्या अटी पाहिल्या तर वडिलांचे खाते मात्र मुलाच्या नावावर करता येत नाही.

हा फरक कन्सोल घेतानाच पक्का होतो. सोनीचा पीएस ५ (प्लेस्टेशन ५) भारतात २ फेब्रुवारी २०२१ रोजी विक्रीला आला तेव्हा डिस्क ड्राइव्ह असलेल्या कन्सोलची किंमत ४९,९९० रुपये आणि ड्राइव्ह नसलेल्या डिजिटल एडिशनची ३९,९९० रुपये होती. दहा हजार रुपये वाचतात हे ग्राहकाला ताबडतोब दिसते. पण ते वाचवताना आपण पुढची पाच-सात वर्षे एकाच दुकानाचे बांधील गिऱ्हाईक होतो, हे काउंटरवर कोणी सांगत नाही. डिस्कच्या बाबतीत चार दुकाने आणि दोन-तीन ऑनलाइन विक्रेते आपसांत स्पर्धा करतात, जुना माल असतो, सणासुदीला भाव उतरतात. ड्राइव्ह नसलेल्या कन्सोलसाठी एकच भांडार, म्हणजे कंपनीचे स्वतःचे ऑनलाइन दुकान, असते आणि तिथला भाव ते भांडार सांगेल तो. त्या भांडारातही मोठ्या सवलती लागतात हे मी नाकारत नाही. मात्र त्या केव्हा लागाव्यात हे ठरवणारा दुसरा कोणी नसतो. शिवाय जुन्या पीएस ४ च्या डिस्क ड्राइव्हवाल्या पीएस ५ वर चालतात, ड्राइव्ह न जोडलेल्या डिजिटल एडिशनवर त्यांचा काही उपयोग नाही. स्वस्त कन्सोललाच ड्राइव्ह नसते असेही आता राहिलेले नाही. नोव्हेंबर २०२४ मध्ये परदेशात आलेल्या पीएस ५ प्रोची किंमत तेव्हा सुमारे ७०० डॉलर होती, तरीही ड्राइव्ह त्यासोबत येत नाही. ते वेगळे विकत घ्यावे लागते आणि पहिल्यांदा जोडताना इंटरनेटवरून त्याची नोंदणीही करावी लागते.

ग्राहकांनी ही बंधने एकदा ठामपणे नाकारली होती, याची आठवण देणे आवश्यक वाटते. २०१३ मध्ये मायक्रोसॉफ्टने एक्सबॉक्स वन जाहीर केला, तेव्हा दर २४ तासांनी एकदा तरी कन्सोल इंटरनेटला जोडला गेला पाहिजे आणि डिस्कची फेरविक्री व उसनवारी कंपनीने घातलेल्या मर्यादेतच झाली पाहिजे, अशी योजना होती. त्यावर इतका रोष उसळला की त्याच वर्षी १९ जूनला कंपनीने ती मागे घेतली. डिस्कच्या बाबतीत जे कोणी खपवून घेतले नाही, तेच आता डाउनलोडच्या सोयीबरोबर घरात आले आहे, आणि या वेळी विरोधाचा सूर फारच क्षीण आहे.

भांडारे बंद होतात तेव्हा काय होते, याचे दाखलेही आपल्यासमोर आहेत. सोनीने मार्च २०२१ मध्ये पीएस ३ आणि व्हीटा या कन्सोलची ऑनलाइन भांडारे बंद करण्याचे जाहीर केले होते; ग्राहकांच्या नाराजीमुळे एप्रिलमध्ये तो निर्णय फिरवला गेला. निन्टेंडोने थ्रीडीएस आणि वी यू या आपल्या कन्सोलच्या भांडारातली विक्री २७ मार्च २०२३ रोजी थांबवली. एक्सबॉक्स ३६० चे भांडार २९ जुलै २०२४ रोजी बंद झाले. आधी घेतलेले गेम पुन्हा उतरवून घेण्याची सोय या कंपन्यांनी चालू ठेवली, याबद्दल त्यांना श्रेय दिले पाहिजे. परंतु ही सोय त्यांच्या मर्जीवर आहे, आणि जे गेम फक्त डाउनलोडसाठीच निघाले होते ते त्या कन्सोलसाठी नव्या माणसाला आता सरळ मार्गाने विकत मिळत नाहीत. अमेरिकेतल्या व्हिडिओ गेम हिस्टरी फाउंडेशनने २०२३ मध्ये प्रसिद्ध केलेल्या अभ्यासानुसार २०१० पूर्वी तिथे प्रकाशित झालेल्या गेमपैकी ८७ टक्के गेम बाजारात उपलब्ध नाहीत. त्यांतल्या कित्येकांपर्यंत आज पोहोचता येते ते कोणाच्या तरी कपाटात जुनी डिस्क किंवा कार्ट्रिज (कन्सोलमध्ये खोचायची गेमची डबी) शिल्लक आहे म्हणूनच.

डिस्क घेतली म्हणजे ग्राहक सुरक्षित झाला, असे मात्र मी म्हणणार नाही. आजच्या कन्सोलवर डिस्कमधला मजकूर आधी आतल्या साठवणीत उतरवला जातो आणि त्यानंतर खेळताना डिस्क प्रामुख्याने मालकीची खूण म्हणून तपासली जाते. बऱ्याच गेमना पहिल्याच दिवशी मोठे अपडेट येते. कधी कधी डिस्कवर असते ती आवृत्ती अपुरी आणि चुकांनी भरलेली असते. जून २०२५ मध्ये आलेल्या निन्टेंडो स्विच २ साठी तर गेम-की कार्ड नावाचा प्रकार निघाला आहे. दुकानात ते खोक्यातून विकले जाते, पण कार्डावर गेम नसतोच, तो डाउनलोडच करावा लागतो. हे कार्ड उसने देता येते, विकताही येते. ज्या दिवशी डाउनलोड बंद होईल त्या दिवसानंतर नव्या कन्सोलवर त्याचे काय करायचे, हा प्रश्न उरतोच. हे तंत्राला अपरिहार्य होते असेही नाही, कारण त्याच कन्सोलसाठी सायबरपंक २०७७ हा प्रचंड गेम ६४ जीबीच्या कार्ट्रिजवर पूर्णपणे दिला गेला.

सर्वांत बोलका दाखला युबिसॉफ्टच्या द क्रू या मोटारशर्यतीच्या गेमचा आहे. डिसेंबर २०१४ मध्ये तो डिस्कवर आणि डाउनलोड अशा दोन्ही स्वरूपांत निघाला. एकट्याने खेळतानाही त्याला कंपनीच्या सर्व्हरशी जोडलेले राहावे लागे. ३१ मार्च २०२४ रोजी ते सर्व्हर बंद झाले आणि रोख पैसे देऊन घेतलेली डिस्कसुद्धा निरुपयोगी झाली. त्या प्रकरणातून उभ्या राहिलेल्या मोहिमेने युरोपीय संघाकडे नागरिकांची मागणी नोंदवली आणि जुलै २०२५ अखेरच्या मुदतीपर्यंत तिला १० लाखांहून अधिक लोकांनी पाठिंबा दिला. सर्व्हर अनंत काळ चालवा, अशी त्यांची मागणी नाही. आधार काढून घेताना गेम खेळण्याजोग्या अवस्थेत सोडा, एवढेच ते मागत आहेत. हे अशक्य नाही, कारण याच कंपनीने पुढे त्या मालिकेतल्या नंतरच्या गेमसाठी ऑफलाइन खेळण्याची सोय जाहीर केली. २०२४ मध्येच सोनीने कॉन्कॉर्ड हा ऑनलाइन गेम दोन आठवड्यांत बंद केला तेव्हा सर्व ग्राहकांचे पैसे परत केले, हाही एक योग्य पायंडा आहे.

डाउनलोडच्या विक्रीने केलेले भलेही मांडले पाहिजे. पुण्याच्या नॉडिंग हेड्स गेम्स या लहानशा कंपनीने केलेला राजी हा गेम २०२० मध्ये आधी निन्टेंडो स्विचवर आणि नंतर इतर कन्सोलवर जगभर पोहोचला. हजारो डिस्क छापून देशोदेशीच्या दुकानांत पाठवायच्या असत्या तर अशा कंपनीला तो भार पेलणे फार अवघड गेले असते. जिथे जवळपास दुकान नाही अशा गावातला मुलगाही आज प्रकाशनाच्या दिवशीच गेम खेळू शकतो, ओरखडे पडून डिस्क बाद होण्याची भीती राहत नाही. ही सोय काढून घ्या असे कोणताही समंजस माणूस म्हणणार नाही. सोय देताना हक्क का काढून घेतला, एवढाच माझा आक्षेप आहे. निन्टेंडोने २०२५ मध्ये व्हर्च्युअल गेम कार्ड आणून डाउनलोड केलेला गेम कुटुंबगटातल्या दुसऱ्या सदस्याला दोन आठवडे उसना देण्याची व्यवस्था केली. म्हणजे डिजिटल गेम एकाकडून काढून दुसऱ्याकडे देणे तांत्रिकदृष्ट्या पूर्णपणे जमते. फेरविक्री होत नाही ती कंपन्यांना ती नको आहे म्हणून.

अमेरिकेतल्या कॅलिफोर्निया राज्यात १ जानेवारी २०२५ पासून लागू झालेल्या कायद्यानुसार, डिजिटल वस्तू ‘खरेदी करा’ असे म्हणून विकायची असेल तर ग्राहकाला केवळ परवाना मिळत आहे हे विक्रेत्याने स्पष्टपणे सांगावे लागते. जी वस्तू कायमची उतरवून घेऊन विक्रेत्याशी संबंध न ठेवता वापरता येते, तिला या अटीतून सूट आहे. ही सूट मला विशेष महत्त्वाची वाटते, कारण प्रामाणिकपणे खरी मालकी देणाऱ्या विक्रेत्याला त्यातून उत्तेजन मिळते.

आपल्याकडे ग्राहक संरक्षण कायदा, २०१९ आहे आणि त्याखाली स्थापन झालेले केंद्रीय ग्राहक संरक्षण प्राधिकरण आहे. या प्राधिकरणाने ३० नोव्हेंबर २०२३ रोजी ऑनलाइन विक्रीतल्या फसव्या क्लृप्त्यांविरुद्ध मार्गदर्शक तत्त्वे जारी केली आणि त्यांत १३ प्रकार नोंदवले. परवाना विकताना मालकी मिळत असल्याचा समज करून देणे, हा प्रकार त्या यादीत वेगळा नोंदवलेला नाही. तो नोंदवला जावा, ही माझी पहिली मागणी आहे. दुसरी अशी, की ज्या गेमला चालण्यासाठी कंपनीचा सर्व्हर लागतो त्याच्या खोक्यावर आणि भांडाराच्या पानावर तो सर्व्हर किमान कोणत्या तारखेपर्यंत चालू राहील हे छापणे बंधनकारक व्हावे, आणि त्या तारखेआधी सेवा थांबवल्यास पैसे परत मिळावेत. खोक्यात पूर्ण गेम नसेल तर तेही त्याच ठसठशीतपणे छापले जावे. औषधाच्या वेष्टनावर मुदत छापलेली नसेल तर आपण ते परत करतो. पाच हजारांच्या गेमवर तेवढीही माहिती नसते.

यासाठी नवा कायदा येण्याची वाट पाहण्याची गरज नाही, प्राधिकरणाला असलेल्या अधिकारांत सूचना काढता येईल. महाराष्ट्रातल्या ग्राहक संघटनांनी हा विषय प्राधिकरणापुढे लेखी स्वरूपात न्यावा आणि आपल्या वृत्तपत्राने त्याचा पाठपुरावा करावा, अशी विनंती आहे. अशी सूचना निघाल्यास तिच्यानुसार द्यायची माहिती भांडाराच्या पानावर पैसे भरण्याच्या बटणाशेजारीच, आणि इंग्रजीबरोबर मराठीतही दिसावी, कारण मुलांसाठी कार्डाचा क्रमांक भरणारे पालक चाळीस पानांच्या इंग्रजी अटी वाचत नाहीत.

आपला नम्र,
एक वाचक, कोल्हापूर