नारकोंडमच्या धनेशाला दुसरे घर नाही

संपादक महाशय,

अंदमानातील एखाद्या प्रकल्पाची चर्चा निघाली की ‘तोडलेल्या झाडांच्या बदल्यात अन्यत्र झाडे लावू’ हे आश्वासन ठरलेलेच असते. उत्तर अंदमानच्या पूर्वेला भर समुद्रात असलेल्या नारकोंडम बेटाच्या बाबतीत मात्र ते निरर्थक ठरते, कारण नारकोंडम धनेश हा पक्षी जगाच्या पाठीवर केवळ या सुमारे ६.८ चौरस किलोमीटरच्या ज्वालामुखीजन्य बेटावरच आढळतो.

१८७३ मध्ये ॲलन ह्यूम यांनी या पक्ष्याचे शास्त्रीय वर्णन केले. नराचे डोके व मान तांबूस, मादी मात्र काळी. शेपटी दोघांचीही पांढरी. विणीच्या हंगामात मादी मोठ्या झाडाच्या ढोलीत शिरते, विष्ठा आणि अन्नाचे अवशेष यांनी ढोलीचे तोंड लिंपून घेते आणि चोचीपुरती फट ठेवते. पुढचे कित्येक आठवडे नराने आणलेल्या उंबरवर्गीय व इतर फळांवरच तिची आणि पिल्लांची गुजराण होते. अशी ढोली असलेले झाड उभे राहायला अनेक दशके जावी लागतात. नव्या रोपवाटिकेतून ते मिळत नाही.

तटरक्षक दलाचे रडार, त्यासाठीचे डिझेल वीजकेंद्र आणि रस्ता या प्रस्तावाला पर्यावरण मंत्रालयाने २०१२ मध्ये नकार दिला, तर २०१४ मध्ये रडारला मंजुरी मिळाली. सीमेवरील टेहळणीची गरज कोणी नाकारत नाही, आणि हा वाद ‘देश की पक्षी’ असा रंगवणे मला उथळ वाटते. खरा धोका प्रकल्पाच्या आराखड्यात न दिसणाऱ्या गोष्टींतून येतो. बेटावरील पोलीस चौकीसाठी पूर्वी नेलेल्या शेळ्या मोकाट वाढल्या आणि झाडांची कोवळी रोपे फस्त करू लागल्या. अखेर त्यांना तेथून हलवावे लागले. इतक्या साध्या सोयीने जंगलाची पुढची पिढीच खुंटत होती!

म्हणूनच बेटावर जाणाऱ्या प्रत्येक बोटीतील सामानाची उंदीर, मांजरे व परक्या बियांसाठी कसून तपासणी व्हावी, जळणासाठी वृक्षतोड पूर्णपणे थांबावी, आणि धनेशांची व त्यांच्या ढोल्यांची नियमित गणना करून तिचे आकडे वन विभागाने जाहीर करावेत, अशी मागणी आपल्या दैनिकामार्फत करीत आहे.

आपला,
एक पक्षिप्रेमी वाचक