शनिवारच्या खेळाची आठवण: मॅनखॉन मॅगन

सर्व सभासदांना नमस्कार. या शनिवारी संध्याकाळी 6 वाजता, नेहमीच्याच सभागृहात, आयरिश लेखक मॅनखॉन मॅगन यांच्या ‘नो बेर्ला’ या मालिकेतले भाग दाखवणार आहोत. ती 2007 मध्ये टीजी4 या आयरिश भाषेतल्या वाहिनीवर आली. कृपया वेळेआधी येऊन बसा, सुरुवात अजिबात चुकवू नका.

आयर्लंडभर फिरायचं आणि इंग्रजीचा एक शब्दही बोलायचा नाही, एवढाच त्यांचा पण. आयरिश ही तिथली पहिली राजभाषा, शाळेत सगळेच शिकतात. तरी डब्लिनच्या दुकानांत साधी चौकशी करतानाही पंचाईत होते. किलार्नीत तर ते बँकेबाहेर उभे राहून येणाऱ्याजाणाऱ्यांना आयरिशमध्ये सांगतात, दरोडा घालायला मदत करा, भरपूर पैसे देतो! कुणाला काही कळत नाही. आपण पोट धरून हसतो आणि त्याच वेळी आत कुठेतरी तुटतं. मला हा माणूस फार मोठा वाटतो तो यासाठीच.

त्यांची सुरुवात भारतातली, हे आवर्जून सांगायला हवं. हिमालयात राहत असताना भाऊ रुआन कॅमेरा घेऊन पोचला आणि दोघांनी इथेच आयरिश भाषेत प्रवासमालिका चित्रित केली. ऑक्टोबर 2025 मध्ये, पंचावन्नाव्या वर्षी मॅगन गेले.

उपशीर्षकं इंग्रजीत आहेत. ज्यांना ती भरभर वाचायला जड जातात, त्यांनी पुढच्या रांगेत बसावं. शेजारी बसून मराठीत सांगायला कुणी तयार असेल तर शुक्रवारपर्यंत ग्रुपवर कळवा. मुलांना जरूर आणा.