परत फिरण्याची वेळही कळवावी

माननीय संपादक महोदय,
सप्रेम नमस्कार.

पावसाळा सरला की बेळगावहून जांबोटी, कणकुंबीकडच्या डोंगरांत दर रविवारी हौशी भटक्यांचे गट निघतात, याचा मला आनंदच आहे. मात्र या गटांच्या सूचनांमध्ये निघण्याची वेळ ठळकपणे दिलेली असते आणि परत फिरण्याची वेळ बहुधा नसतेच, हे मला फार खटकते.

गेल्या डिसेंबरच्या सुरुवातीला मीही अशाच एका गटाबरोबर गेलो होतो. सकाळी सहाला निघायचे ते आठला निघालो आणि पुढे चहा, फोटो व गप्पांत आणखी तासभर गेला. तरीही माथा गाठायचाच, हा हट्ट कायम राहिला. वाटेत म्हशी घेऊन परतणारे एक वृद्ध गवळी पश्चिमेकडे पाहून म्हणाले, "दिवस कासराभरच राहिलाय, पोरांनो, आता माघारी फिरा." मोबाइलवर पाच वाजले होते, त्यामुळे अजून भरपूर वेळ आहे असेच सर्वांना वाटले. सव्वासहाला गर्द झाडीत पायाखालचा दगड दिसेना. नऊ जणांत एकच टॉर्च होती, त्यात एका मुलीचा पाय मुरगळला आणि दोन किलोमीटर उतरायला आम्हाला दोन तास लागले.

आपल्या भागात जूनअखेरीस सूर्य सातनंतर मावळतो, तर डिसेंबरच्या सुरुवातीला सहाच्या सुमारास. त्यानंतरचा संधिप्रकाश जेमतेम घटकाभर, म्हणजे वीस-बावीस मिनिटे टिकतो आणि दरीत किंवा दाट रानात तेवढाही मिळत नाही. नेस्मिथ या स्कॉटिश गिर्यारोहकाने १८९२ मध्ये सांगितलेला ठोकताळा असा की, दर पाच किलोमीटरला एक तास धरावा आणि दर ६०० मीटर चढाईला आणखी एक तास मिळवावा. हा हिशेबही न थांबता चालणाऱ्या धडधाकट माणसाचा आहे. लहान मुले व नवखी मंडळी बरोबर असताना त्यात बरीच भर घालावी लागते. हात लांब करून सूर्य आणि क्षितिज यांच्यामध्ये आडवी चार बोटे मावली, तर मावळतीला साधारण तासभर उरला, हे तर घड्याळाशिवायही कळते.

म्हणून माझी संयोजकांना कळकळीची विनंती आहे की, माथा गाठला असो वा नसो, किती वाजता मागे वळायचे ते त्यांनी निघण्यापूर्वीच सर्वांना लेखी कळवावे आणि ती वेळ झाली की स्वतः आधी वळावे.

आपला विश्वासू,
एक वाचक, टिळकवाडी, बेळगाव