'विष्णु' संचात आलेली चुकीची व सदोष पुस्तके आणि लेखकनोंदींतील घोळ : तक्रार

प्रति,
तक्रार निवारण अधिकारी,
ऑनलाइन पुस्तकविक्री विभाग

विषय : सात पुस्तकांच्या 'विष्णु' संचात दोन भलतीच पुस्तके, एक चुकीची व सदोष आवृत्ती आणि एक अपुरे पुस्तक पाठवल्याबाबत, तसेच लेखकांच्या नोंदी दुरुस्त करण्याबाबत.

महोदय / महोदया,

नाशिक येथील आमच्या वाचनालयाने मराठी भाषा गौरव दिनाच्या ग्रंथप्रदर्शनासाठी तुमच्या वेबसाइटवरून 'विष्णु' हा संच मागवला. एकाच नावाच्या लेखकांच्या कादंबऱ्या आणि इतिहासाची पुस्तके शेजारी शेजारी ठेवण्याची ही कल्पना चांगली आहे. २७ फेब्रुवारी हा कुसुमाग्रजांचा, म्हणजे विष्णु वामन शिरवाडकरांचा जन्मदिवस. त्यामुळे नाशिकमध्ये त्या दिवशी याच नावाचे कपाट लावावे, असे समितीने एकमताने ठरवले होते.

संचाच्या पानावर तुम्ही दिलेली यादी अशी : वि. स. खांडेकर यांच्या 'ययाति' व 'क्रौंचवध', वि. वा. शिरवाडकर यांच्या 'वैष्णव' व 'जान्हवी', विष्णुभट गोडसे यांचा 'माझा प्रवास' (द. वा. पोतदार यांनी प्रसिद्ध केलेली मूळ संहिता), विष्णुशास्त्री चिपळूणकरांची 'निबंधमाला' (संपूर्ण) आणि वि. भि. कोलते संपादित 'लीळाचरित्र'. यांपैकी 'ययाति', 'वैष्णव' आणि 'लीळाचरित्र' ही तीनच पुस्तके यादीप्रमाणे आली.

'जान्हवी'च्या जागी वि. वा. हडप यांच्या 'कादंबरीमय पेशवाई' मालेतला एक सुटा भाग आला आणि 'क्रौंचवध'च्या जागी वि. स. वाळिंबे यांचे 'वॉर्सा ते हिरोशिमा'. खोक्यातल्या चिठ्ठीवर या दोन्ही ओळींपुढे 'त्याच लेखकाचे पर्यायी पुस्तक' असा शिक्का आहे, आणि सगळा घोळ त्या शिक्क्यातच आहे. हडप हे विठ्ठल वामन, शिरवाडकर हे विष्णु वामन. वाळिंबे हे विनायक सदाशिव, खांडेकर हे विष्णु सखाराम. मागवलेले पुस्तक गोदामात नसेल तर त्याच लेखकाचे दुसरे पुस्तक उचलायचे, अशी तुमची पद्धत दिसते. तुमच्या संगणकाने लेखक ओळखला तो आद्याक्षरांवरून, आडनाव त्याने पाहिलेच नाही. मराठीत 'वि.' या एका अक्षरामागे विष्णु, विनायक, विठ्ठल, विश्वनाथ असे किमान चार जण उभे असतात. इतिहासाचार्य वि. का. राजवाडे हे विश्वनाथ काशिनाथ. तेही तुमच्या 'विष्णु' पानावर दिसतात.

हडप आणि वाळिंबे यांच्या पुस्तकांविषयी आमची काहीच तक्रार नाही, आमच्या कपाटात दोघेही आहेत. पण दुसऱ्या महायुद्धावरचे पुस्तक खांडेकरांच्या कादंबरीला पर्याय कसे ठरते? 'जान्हवी' किंवा 'क्रौंचवध' शिल्लक नव्हते तर तसे कळवून तेवढे पैसे परत करायला हवे होते. ग्राहकाला न विचारता बदली पुस्तक पाठवणे कपड्यांच्या धंद्यातही चालत नाही.

सर्वात गंभीर बाब 'माझा प्रवास'ची आहे. वरसईचे विष्णुभट गोडसे १८५७ मध्ये उत्तरेकडे निघाले ते दक्षिणा मिळण्याच्या आशेने. ग्वाल्हेरच्या बायजाबाई शिंदे मथुरेला मोठा यज्ञ करणार असल्याची वार्ता कोकणात पोहोचली होती. वाटेत बंडाची धामधूम सुरू झाली आणि पुढे झाशीला इंग्रजांचा वेढा पडला तेव्हा ते शहरातच होते. गोडसे यांनी लिहिलेली ही हकिगत चिंतामण विनायक वैद्य यांनी १९०७ मध्ये प्रथम प्रसिद्ध केली. पण छापताना त्यांनी भाषा बदलली आणि काही भाग गाळला. गोडसे यांनी लिहिले तसे पुस्तक वाचकांना मिळाले ते पोतदारांनी १९६६ मध्ये मूळ हस्तलिखितावरून ते प्रसिद्ध केले तेव्हा. इतिहासाच्या कपाटात ठेवायला आम्हाला ही दुसरी संहिताच हवी होती, तुमच्या पानावरही तिचेच नाव आहे. हातात मात्र वैद्यांच्या पाठावरून केलेले पुनर्मुद्रण आले. शीर्षक तेच, लेखक तोच, म्हणून तुमच्या नोंदीत दोन्ही एकच धरली गेली. खरे तर फरक ओळखायला पुस्तक वाचावेही लागत नाही. मुखपृष्ठ उलटून श्रेयनामावलीचे पान पाहावे, संपादकाचे नाव वाचावे आणि प्रस्तावना कोणाची आहे ते पाहावे. गोदामातल्या माणसाला एवढे एकदा दाखवून दिले तर पुरे.

आलेली प्रत बांधणीतही सदोष आहे. पृष्ठ ९७ ते ११२ दोनदा आली आहेत आणि ११३ ते १२८ अजिबात नाहीत. पुस्तक सोळा पृष्ठांच्या फर्म्यात (एका मोठ्या कागदावर छापून घडी घातलेल्या भागात) छापलेले आहे, म्हणजे सातवा फर्मा दोनदा लागला आणि आठवा राहून गेला. फर्मे क्रमाने जुळवताना कामगाराच्या हाती एकाच गठ्ठ्यातले दोन आले की असे होते. फर्म्याच्या पहिल्या पृष्ठाच्या तळाशी बारीक आकडा असतो. तिथे ७ नंतर पुन्हा ७ आणि मग थेट ९ दिसतो. अशी चूक पुस्तकाचे वजन करून किंवा जाडी मोजून कधीच सापडत नाही, कारण फर्म्यांची एकूण संख्या तितकीच राहते. फर्म्यांचे आकडे चाळणे हाच उपाय, आणि त्याला एका प्रतीमागे अर्धे मिनिटही लागत नाही. गेलेली सोळा पृष्ठे नेमकी झाशीच्या हकिगतीतली आहेत. या पुस्तकात ज्या भागासाठी वाचक येतो, तोच भाग नाही. आणि हा दोष एकट्या प्रतीचा क्वचितच असतो. जुळवणीच्या वेळी गठ्ठा चुकला असेल तर त्याच खेपेतल्या आणखी प्रतींतही तो निघेल, म्हणून तुमच्याकडची शिल्लक तपासावी.

'निबंधमाला' संपूर्ण म्हणून विकली. आली ती निवडक निबंधांची पुस्तिका. मालेचे १८७४ ते १८८१ या काळात ८४ अंक निघाले. ते सगळे एका पातळ पुस्तकात मावत नाहीत हे पृष्ठसंख्येवरूनच कळायला हवे होते. वर्णनात पृष्ठसंख्येचा रकाना तुम्ही रिकामा ठेवला आहे, म्हणून मागवताना आम्हालाही ते दिसले नाही.

ग्राहक सेवेकडून ईमेलवर आलेले उत्तर असे, की लेखकाचे नाव जुळते, पुस्तके फाटलेली नाहीत, मुखपृष्ठाचे चित्र केवळ नमुन्यादाखल असते, त्यामुळे परतावा लागू नाही. हे उत्तर आम्हाला मान्य नाही. ग्राहक संरक्षण (ई-कॉमर्स) नियम २०२० प्रमाणे जाहीर केलेल्या वर्णनाशी न जुळणारा किंवा सदोष माल परत घ्यायला विक्रेता नकार देऊ शकत नाही. तक्रार निवारण अधिकाऱ्याने तक्रारीची पोच ४८ तासांत द्यायची आणि एका महिन्यात निवारण करायचे, हेही त्याच नियमांत आहे.

आता तुमच्या लेखकनोंदींबद्दल. संच चुकला तो तिथे, आणि पुढचेही तिथेच चुकणार आहेत, म्हणून जरा सविस्तर लिहितो.

'विष्णुशास्त्री' या नावाच्या दोन व्यक्ती तुम्ही एक केल्या आहेत. विष्णुशास्त्री चिपळूणकर (१८५० ते १८८२) हे निबंधमालाकार. विष्णुशास्त्री पंडित (१८२७ ते १८७६) हे विधवाविवाहाचे पुरस्कर्ते. तुमच्या लेखक-परिचयात निबंधमालाकारांनी विधवाविवाहाची चळवळ चालवली असे छापले आहे. सुधारकांवर ज्यांनी कडाडून टीका केली त्यांच्याच नावावर सुधारकाचे आयुष्यभराचे काम चढवणे हा दोघांवरही अन्याय आहे. एखादा विद्यार्थी हा परिचय जसाच्या तसा वहीत उतरवून घेईल, याची आम्हाला खरी काळजी वाटते.

'वि. भि.'चेही तसेच. विष्णुबुवा ब्रह्मचारी यांचे मूळ नाव विष्णु भिकाजी गोखले, जन्म १८२५, मृत्यू १८७१. डॉ. कोलते हेही विष्णु भिकाजी, पण जन्म १९०८ चा. 'लीळाचरित्रा'ची त्यांची संपादित आवृत्ती १९७८ ची, आणि तुमच्या पानावर त्या पुस्तकाखाली परिचय आहे विष्णुबुवांचा. संपादकाच्या मृत्यूनंतर शंभरावर वर्षांनी त्याने संपादन केले, असा त्याचा अर्थ होतो. प्रथमावृत्तीचे वर्ष आणि व्यक्तीचे मृत्युवर्ष यांची तुलना करणारी एक साधी चाचणी लावली तर अशा नोंदी संगणक स्वतःच वेगळ्या काढून देईल. शिवाय कोलते हे 'लीळाचरित्रा'चे लेखक नव्हेत. ग्रंथ म्हाइंभटांचा आहे. लेखक आणि संपादक यांचे रकाने वेगळेच हवेत. ते वेगळे असते तर 'माझा प्रवास'चा घोळही झाला नसता.

खांडेकर आणि शिरवाडकर यांच्या नोंदी करताना आणखी एक काळजी घ्यावी लागते. दोघेही दत्तक गेलेले. खांडेकरांचे मूळ नाव गणेश आत्माराम, शिरवाडकरांचे गजानन रंगनाथ. तुमच्याकडे 'गजानन शिरवाडकर' हा वेगळाच लेखक तयार झाला आहे, 'कुसुमाग्रज' हा तिसरा. त्यामुळे 'विशाखा' एका पानावर, 'नटसम्राट' दुसऱ्यावर आणि कादंबऱ्या तिसऱ्याच पानाला जोडलेल्या. ज्या नावाने पुस्तके छापली गेली ते नाव मुख्य ठेवावे, मूळ नाव आणि टोपणनाव त्याखाली द्यावे आणि तिन्हींवरून एकाच पानावर पोहोचता यावे. विष्णु आणि विष्णू ही दोन्ही लेखने, तसेच विष्णुभट, विष्णुशास्त्री, विष्णुबुवा अशी जोडनावेही शोधात धरावीत. 'विष्णु शास्त्री' असे तोडून लिहिले की तुमची यंत्रणा 'शास्त्री' हे आडनाव समजते.

वर्गवारीही तपासावी. 'वैष्णव' ही १९४६ मध्ये प्रसिद्ध झालेली कादंबरी तुम्ही अध्यात्म विभागात घातली आहे, 'ययाति' पुराणांत, आणि 'माझा प्रवास' पर्यटनात. हडपांची कादंबरी मात्र इतिहासात. शीर्षकातला शब्द बघून विभाग ठरवला की असेच होणार. आम्ही ग्रंथालयांच्या ड्यूई वर्गीकरण पद्धतीने मराठी कादंबरी ८९१.४६३ खाली आणि हिंदुस्थानचा इतिहास ९५४ खाली लावतो. तुम्ही आकडे वापरावेत असे नाही, पण निर्णय पुस्तक उघडून घ्यावा. कादंबरी आणि इतिहास एकत्र विकणाऱ्याला निदान या दोहोंतली सीमा माहीत असायला हवी.

बिलाचाही प्रश्न आहे. तुमच्या बिलावर 'संच, नग १' एवढीच ओळ आहे. वाचनालयाच्या दाखल नोंदवहीत प्रत्येक पुस्तकाचे शीर्षक, लेखक, प्रकाशक, वर्ष, पृष्ठे, किंमत आणि बिल क्रमांक स्वतंत्रपणे चढवावा लागतो. शासनमान्य वाचनालयांचे अनुदान याच नोंदींच्या तपासणीवर अवलंबून असते. एका ओळीचे बिल लेखापरीक्षणात टिकत नाही.

त्यामुळे आमची मागणी अशी. 'जान्हवी', 'क्रौंचवध', पोतदारांच्या संहितेचा 'माझा प्रवास' आणि संपूर्ण 'निबंधमाला' पाठवावी. पाठवण्यापूर्वी 'माझा प्रवास'चे फर्मे तपासून घ्यावेत. यांपैकी जे उपलब्ध नसेल त्याची किंमत, संचावरची सवलत न कापता, परत करावी. पर्यायी पुस्तक पाठवू नये. चुकीची पुस्तके तुमच्या खर्चाने वाचनालयातून उचलावीत. हडप आणि वाळिंबे यांच्या प्रती न उघडता ठेवल्या आहेत. पुस्तकवार तपशिलाचे नवे बिल द्यावे. आणि नोंदी दुरुस्त होईपर्यंत हा संच विक्रीतून काढावा, म्हणजे दुसऱ्या एखाद्या वाचनालयाला किंवा शाळेला हाच त्रास होणार नाही. पाठवताना बांधाबांध जाड पाच पदरी खोक्यात करावी आणि पुस्तके आडवी ठेवावीत. या वेळी 'लीळाचरित्र' उभे ठेवल्याने त्याचे खालचे दोन्ही कोपरे चेपले आहेत. ते आम्ही तसेच ठेवून घेत आहोत.

विष्णु नावाच्या या मंडळींच्या नोंदी दुरुस्त करायला आमची समिती मदत करायला तयार आहे. पूर्ण नाव, जन्म-मृत्युवर्षे, टोपणनाव आणि संपादक यांचा तक्ता आम्ही मोबदला न घेता करून देऊ. तुमच्याकडून तो कोणी वापरणार असेल तर त्या व्यक्तीचे पदनाम व ईमेल कळवावे.

एका महिन्यात निवारण न झाल्यास राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइन १९१५ वर नोंद करून आम्ही नाशिकच्या जिल्हा ग्राहक तक्रार निवारण आयोगाकडे अर्ज करू. तक्रारदार जिथे राहतो तिथे तक्रार दाखल करण्याची मुभा २०१९ च्या कायद्याने दिली आहे, आणि ही खरेदी पुनर्विक्रीसाठी नसल्याने वाचनालय ग्राहक या व्याख्येत बसते.

बिलाची प्रत, 'पर्यायी पुस्तक' असा शिक्का असलेली चिठ्ठी, पृष्ठ ११२ नंतर पुन्हा ९७ दिसणाऱ्या जोडपानाचे छायाचित्र आणि तुमच्या वेबसाइटवरील संबंधित पानांची चित्रे सोबत जोडली आहेत.

कळावे,

आपले,
ग्रंथनिवड समितीचे सदस्य
वाचनालय, नाशिक